भांडवल घरचे, चित्रही घरचे

बडोद्यास राजमहाल रस्त्याने जाणाऱ्यास कलाभवनाची इमारत टाळता येत नाही. आज तेथे महाराजा सयाजीराव विद्यापीठाची अभियांत्रिकी शाखा आहे आणि सकाळसंध्याकाळ विद्यार्थ्यांच्या दुचाक्यांनी फाटक गजबजलेले असते. १८९० साली, म्हणजे सयाजीराव महाराजांनी ही संस्था स्थापन केली त्याच वर्षी, त्र्यंबकेश्वरच्या एका शास्त्र्यांचा वीस वर्षांचा मुलगा येथे दाखल झाला. त्याचे नाव धुंडिराज गोविंद फाळके.

हे नाव वाचताच काही वाचक म्हणतील, पुन्हा फाळकेच का? शाळेच्या पुस्तकात ते आहेत, टपालाच्या तिकिटावर ते आहेत, १९६९ पासून त्यांच्या नावाचा राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो आणि २००९ साली परेश मोकाशी यांनी काढलेली 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' आपण सर्वांनी पाहिली आहे. आक्षेप खरा आहे. पण जयंतीच्या भाषणांतून 'भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक' एवढे म्हणून जो हार घातला जातो, त्या हाराखाली त्यांची हिशेबाची वही झाकली जाते असे आम्हांस वाटते. या महिन्यात आम्ही ती वही उघडणार आहोत. 'स्वतंत्र निर्माता' हा शब्द हल्ली फार ऐकू येतो. ज्याने तो शब्द कधी वापरला नाही, पण त्याची किंमत घरातल्या भांड्याकुंड्यांपर्यंत मोजली, अशा माणसाची ती वही आहे.

प्रथम आपल्या गावचा हिशेब पुरा करू. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत थोडे दिवस काढून धुंडिराज थोरल्या भावाच्या आधाराने बडोद्यास आले. कलाभवनात ते तैलरंग शिकले, मातीकाम शिकले, वास्तुकलेचे आराखडे काढावयास शिकले. कलाभवनाचे प्रमुख त्रिभुवनदास गज्जर हे रसायनशास्त्राचे मोठे जाणकार. त्यांनी या मुलाचा हात ओळखला आणि छायाचित्रणाची खोली व ग्रंथालय त्यास मोकळे करून दिले. तेथून फाळके रतलामला गेले आणि तिरंगी ठसे करण्याची विद्या व काळोख्या खोलीतले काम पदरात पाडून घेतले. नाटकगृहाचा एक आदर्श नमुना तयार करून अहमदाबादच्या प्रदर्शनात त्यांनी सुवर्णपदकही मिळविले. पुढे गोध्र्यास छायाचित्रणाचे दुकान टाकले. १९०० च्या सुमारास प्लेगने त्यांची पहिली पत्नी व मूल दोन्ही नेली आणि ते बडोद्यास परतले. येथेही दुकान चालले नाही, कारण त्या यंत्रापुढे उभे राहिले की आयुष्य कमी होते असा लोकांचा समज होता. मग नाटकांचे पडदे रंगविणे आले. मग कार्ल हर्ट्झ नावाच्या परदेशी जादूगाराची ओळख झाली, त्याच्याकडून हातचलाखी शिकून घेतली आणि 'प्रोफेसर केळफा' या नावाने प्रयोगही झाले. फाळके हे आडनाव शेवटून वाचले की केळफा होते, हे वाचकांच्या ध्यानी आले असेलच.

त्या काळी नातेवाइकांच्या बैठकीत या मुलाविषयी काय बोलले जात असेल याची कल्पना करणे कठीण नाही. एक ना धड, भाराभर चिंध्या! पण आज मागे वळून पाहता असे दिसते की चित्र काढणे, प्रकाश ओळखणे, रसायने मिसळणे, पडदा रंगविणे आणि डोळ्यांस फसविणे ही पाचही कामे एकाच माणसाच्या हाती आली, ती बडोदे, रतलाम, गोध्रा या आपल्याच मुलखात. १९१२ साली दुसऱ्या कोणास चित्रपट काढावयाचा असता तर पाच कारागीर शोधावे लागले असते. फाळक्यांचे पाचांचे पगार वाचले.

१९०२ साली त्यांचे दुसरे लग्न झाले. वधूचे माहेरचे नाव गिरिजा करंदीकर, सासरचे सरस्वतीबाई. या बाईंकडे आम्ही परत येणार आहोत.

पुढची काही वर्षे आम्ही भराभर ओलांडतो. पुराणवस्तू खात्यात नोकरी, स्वदेशीच्या लाटेत तिचा राजीनामा, लोणावळ्यास ठसे व छपाईचा कारखाना, रविवर्म्याच्या चित्रांचे काम, भागीदार मिळाल्यावर दादरला 'लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स', १९०९ साली यंत्रसामग्रीसाठी जर्मनीची वारी. छपाईत त्यांचे नाव झाले, आणि मग भागीदारांशी बिनसले. फाळके अंगावरच्या वस्त्रानिशी छापखान्यातून बाहेर पडले. वाचकांनी ही गोष्ट मनात ठेवावी, कारण ती पुन्हा घडणार आहे.

याच सुमारास, वयाच्या चाळिशीत, मुंबईत एका तंबूतल्या पडद्यावर त्यांनी ख्रिस्ताचे जीवनचरित्र पाहिले. पडद्यावर ख्रिस्त चालत असता आपल्या डोळ्यांपुढे श्रीकृष्ण, श्रीराम, गोकुळ, अयोध्या दिसू लागली, असे त्यांनी पुढे 'नवयुग' मासिकातील आपल्या लेखमालेत लिहून ठेवले आहे. दुसऱ्या खेपेस ते सरस्वतीबाईंनाही घेऊन गेले. मग चित्रपट पाहण्याचा इतका ध्यास घेतला की झोप उडाली, डोळे सुजले आणि काही काळ दिसेनासे झाले. डॉक्टरांच्या उपचारांनी दृष्टी परत आली. घरात मिळवता माणूस एकच, त्याला नोकरी नाही, छापखाना गेलेला, आणि तो मेणबत्तीच्या उजेडात खेळण्यातल्या यंत्रावर फिती फिरवून पाहतो आहे. असे चित्र आपल्या घरात दिसले तर आपण काय करू?

सरस्वतीबाईंनी विम्याच्या पॉलिसी काढून दिल्या.

त्या गहाण ठेवून जी रक्कम उभी राहिली तीवर फाळके १९१२ च्या फेब्रुवारीत लंडनला गेले. तेथे ओळखीचे कोणी नव्हते. 'बायोस्कोप' नावाच्या साप्ताहिकाची पाटी दिसली म्हणून ते आत शिरले. संपादकांनी त्यांना परत फिरावयास सांगितले, हिंदुस्थानात हा धंदा चालणार नाही म्हणून बजावले, आणि माणूस ऐकत नाही असे पाहून सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रशाळेत नेऊन पोचविले. तेथे थोड्याच दिवसांत जे पाहावयाचे ते पाहून, विल्यमसनचा एक कॅमेरा आणि फितीला छिद्रे पाडण्याचे एक यंत्र यांची तजवीज करून ते १ एप्रिलला मुंबईस परतले. शिकण्यासाठी त्यांनी तेथे महिने काढले नाहीत, काढणे परवडणारेही नव्हते. पण ज्याची निम्मी विद्या बडोद्यात आधीच झाली होती त्याला तेवढे पुरले.

धनिक मंडळी नुसत्या शब्दांवर पैसे देत नसतात, आणि तो त्यांचा दोष नव्हे. फाळक्यांनी एका कुंडीत बी पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि रोज थोडे थोडे चित्रण करीत महिनाभरानंतर 'अंकुराची वाढ' ही छोटी फीत तयार केली. पडद्यावर ते रोप मिनिटाभरात मातीतून डोके काढून वर चढू लागले. ते पाहून एका स्नेह्यांनी कर्ज दिले. गरजू माणसाने सावकारापुढे तारण म्हणून वाटाण्याचे रोप ठेवल्याचे दुसरे उदाहरण आम्हांस ठाऊक नाही.

आता 'राजा हरिश्चंद्र'. दादरच्या मेन रोडवरील बंगल्यात, ज्या रस्त्यास आज त्यांचेच नाव आहे, हा कारखाना उघडला. कारखाना हा शब्द आम्ही अलंकार म्हणून वापरीत नाही. नाटकात काम करणे हे कुलीन घरांत कमीपणाचे समजले जाई, तर या नव्या धंद्याला नावच नव्हते. म्हणून कोणी विचारल्यास हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत असे सांगावे, असे फाळक्यांनी आपल्या माणसांस शिकविले होते. तारामतीच्या भूमिकेस स्त्री मिळेना. जाहिराती दिल्या, नको त्या वस्त्यांतही विचारून झाले, आलेल्या बायका चार दिवसांत निघून गेल्या. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीत नाजूक हातांचा एक आचारी दिसला. अण्णा साळुंके याचे नाव. दहा रुपयांचे पंधरा केले आणि राणी मिळाली. स्त्रीपात्रे करणाऱ्या इतर पुरुषांनी मिशा उतरविण्यास नकार दिला, कारण वडील हयात असता मिशा काढणे अशुभ. त्यांच्या वडिलांची समजूत घालण्याचे कामही दिग्दर्शकासच करावे लागले.

या सर्व गोष्टी आपण ऐकलेल्या आहेत आणि हसलो आहोत. आता ज्या गोष्टींवर कोणी हसत नाही त्यांकडे वळू.

कंपनीतली साठसत्तर माणसे त्या घरी राहत, जेवत. त्यांचा स्वयंपाक सरस्वतीबाई करीत. पात्रांचे कपडे त्या धूत. उन्हात चित्रण चाले तेव्हा पात्रांच्या तोंडावर उजेड फेकण्यासाठी पांढऱ्या चादरी ताणून तासन् तास उभे राहण्याचे काम त्यांच्याकडे असे. रात्री सर्वांची निजानीज झाली की त्या नवऱ्याबरोबर काळोख्या खोलीत बसत आणि कोऱ्या फितीला छिद्रे पाडीत. त्या वेळी मिळणारी कोरी फीत कडांना सपाट असे. यंत्राच्या दात्यांनी ती ओढली जावी म्हणून छिद्रे आपण पाडून घ्यावी लागत, आणि फितीस उजेड लागता कामा नये म्हणून हे काम अंधारात, हाताच्या अंदाजाने करावे लागे.

आम्ही कागदपेन्सिल घेऊन हा हिशेब मांडून पाहिला. 'राजा हरिश्चंद्र'ची लांबी सुमारे ३,७०० फूट. एका फुटात १६ चित्रे बसतात, म्हणजे ५९,२०० चित्रे. प्रत्येक चित्रास दोन्ही कडांना चार चार मिळून आठ छिद्रे. एकूण ४ लाख ७३ हजार ६००. ही झाली एक प्रत. मूळ फीत आणि तीवरून छापलेली पडद्यावर दाखविण्याची फीत अशा दोन धरल्या तर नऊ लाखांवर जातात, आणि चित्रणात वाया गेलेली फीत व पुढच्या प्रती यांचा हिशेब वेगळाच. यंत्राच्या एका फिरवणीत अनेक छिद्रे पडत असतील, हे मान्य. तरीही दिवसभर साठ माणसांच्या पोळ्या लाटून झाल्यावरचे हे काम होते. तारामतीची भूमिका तूच कर असेही फाळक्यांनी त्यांना सुचवून पाहिले होते म्हणतात. त्यांनी नाही म्हटले. तेवढ्यासाठी वेळ कुठून काढावयाचा होता?

या जोडप्याचा मुलगा भालचंद्र रोहिदास झाला. बाहेरगावी चित्रण चालू असता खेळता खेळता पडून त्याच्या डोक्यास इजा झाली, आणि तशा स्थितीतच काम पुरे केले गेले, असे सांगतात. घरची माणसे होती, म्हणून पगार नव्हता. घरचे मूल होते, म्हणून नुकसानभरपाईचा प्रश्न नव्हता. स्वतंत्र निर्मात्याचे भांडवल म्हणतात ते बहुधा हेच असते, आणि ते कोणत्याही जमाखर्चात दाखवीत नाहीत.

२१ एप्रिल १९१३ रोजी निमंत्रितांना आणि ३ मे रोजी गिरगावच्या कोरोनेशनमध्ये सर्वांना हे चित्र दाखविले गेले. मुंबईत ते उत्तम चालले. पण सुरतेस पहिल्या दिवशी तीन रुपये जमले अशी आख्यायिका आहे. पैशाच्या मोबदल्यात चारसहा तासांचे नाटक पाहण्याची सवय असलेल्या गुजराती प्रेक्षकास हा तासाभराचाही नसलेला खेळ महाग वाटला. तेव्हा फाळक्यांनी जाहिरात दिली की सत्तावन्न हजार छायाचित्रे आणि दोन मैल लांबीचे चित्र, सगळे मिळून अवघ्या तीन आण्यांत. दुसऱ्या दिवशी गर्दी उसळली. आमचा वरचा हिशेब वाचकांच्या लक्षात असेल तर दिसेल की छायाचित्रांचा आकडा जवळजवळ बरोबर आहे, उलट थोडा कमीच सांगितला आहे. दोन मैलांचे मात्र खरे नव्हे. ३,७०० फूट म्हणजे पाऊण मैलही भरत नाही. प्रोफेसर केळफा अधूनमधून डोके वर काढीतच.

त्यानंतर 'मोहिनी भस्मासुर' आले आणि त्यात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई यांनी कामे केली. आचाऱ्याची राणी करण्याची गरज उरली नाही. या कमलाबाई गोखले म्हणजे चंद्रकांत गोखले यांच्या मातोश्री आणि विक्रम गोखले यांच्या आजी. मग 'सत्यवान सावित्री'. पैसा आला. १९१४ साली फाळके आपली चित्रे घेऊन पुन्हा लंडनला गेले. तेथे ती पाहणाऱ्यांस पसंत पडली आणि तिकडेच राहून चित्रे काढावीत असे बोलावणेही आले. त्यांनी ते नाकारले. हिंदुस्थानातला धंदा हिंदुस्थानातच उभा राहिला पाहिजे, ही स्वदेशीच्या दिवसांतील गाठ त्यांनी सोडली नाही. नवी यंत्रे मागविण्याच्या गोष्टी ठरल्या, आणि महायुद्ध पेटले. मुंबईच्या सावकारांनी हात आखडले. कारखान्यात माणसे बसून, कामे थांबलेली, डोक्यावर देणे. सरस्वतीबाईंच्या अंगावरचे दागिने याही वेळी उतरले.

येथे आपल्या वाचकांस जवळची वाटेल अशी एक गोष्ट येते. अडचणीच्या त्या दिवसांत फाळके आपली चित्रे आणि यंत्र घेऊन संस्थानांतून हिंडले. औंध, मिरज, जमखंडी तर झालेच, पण इंदूर, ग्वाल्हेर आणि गोवेही त्यांच्या फिरतीवर होते. औंध आणि इंदूर येथून त्यांना कर्जाऊ मदत मिळाली. ज्यांच्या आजोबापणजोबांनी त्या वेळी इंदुरास वा ग्वाल्हेरीस हे खेळ पाहिले असतील त्यांनी एका बुडत्या कारखान्यास टेका दिला होता. मुंबईने पाठ फिरविली तेव्हा महाराष्ट्राबाहेरची मराठी संस्थाने उपयोगी पडली, एवढे म्हणण्याचा हक्क आम्ही बजावून ठेवतो.

१९१७ च्या 'लंकादहन'ने सगळे देणे फेडले. अण्णा साळुंके यांनी त्यात राम आणि सीता अशी दोन्ही कामे केली. मद्रासेस तिकिटांची नाणी बैलगाडीतून पोलीस बंदोबस्तात न्यावी लागली अशी हकीगत सांगतात. आणि ज्या दिवशी पैशाची चणचण संपली त्या दिवसापासून फाळक्यांच्या स्वातंत्र्यास खरा धोका उत्पन्न झाला. तोट्यात असता त्यांच्या दारी सावकार येत. आता भागीदार येऊ लागले.

लोकमान्य टिळकांना या धंद्याचे महत्त्व समजले होते. रतन टाटा, मनमोहनदास रामजी अशा बड्या मंडळींशी बोलणी झाली, पण अटी जमल्या नाहीत. अखेर १९१८ च्या आरंभी मुंबईच्या काही धनिकांशी भागी होऊन 'हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी' निघाली, नाशकास. फाळक्यांची स्वतःची फाळके फिल्म्स तीत विलीन झाली. 'श्रीकृष्णजन्म' आणि १९१९ चे 'कालियामर्दन' ही चित्रे या कंपनीची. कृष्णाचे काम मुलगी मंदाकिनी हिने केले. कालियाच्या फणीवर नाचणारे ते पोर आजही पडद्यावर पाहिले तर अंगावर रोमांच उभे राहतात. चित्रे उत्कृष्ट, उत्पन्नही उत्तम. आणि दीडदोन वर्षांत फाळके राजीनामा देऊन, चंबूगबाळे आवरून, सहकुटुंब काशीस निघून गेले.

दोष कोणाचा? चरित्रकारांचा कल साहजिकच फाळक्यांकडे असतो. आम्हांस मात्र भागीदारांची बाजूही ऐकून घ्यावीशी वाटते. ज्यांनी पैसा घातला ते विचारू लागले की या चित्रास इतके महिने का लागतात, हा खर्च कशासाठी, चित्र केव्हा मिळणार. हे प्रश्न गैर नव्हते. फाळके शीघ्रकोपी होते, मनासारखे होईपर्यंत काम पुनःपुन्हा करवून घेणारे होते, आणि हिशेब विचारणे म्हणजे अविश्वास दाखविणे अशी त्यांची समजूत होती. ज्याने बायकोच्या दागिन्यांवर चित्र काढले त्याला खर्चाचा तपशील देण्याची सवय कोठून असणार? सरस्वतीबाईंनी तो कधी मागितलाच नव्हता. पण दुसरी बाजू अशी की भागीदारांनी जो माणूस विकत घेतला असे त्यांना वाटले, त्याचे मोल त्याच्या या हट्टातच होते. वेळेवर आणि स्वस्तात चित्र काढणारा फाळके त्यांना हवा होता, आणि असा फाळके कधी जन्मासच आला नव्हता.

या पेचास आजवर उत्तर सापडलेले नाही. बाबूराव पेंटरांनी स्वतः उभारलेली महाराष्ट्र फिल्म कंपनी सोडली. शांतारामबापूंनी १९४२ साली प्रभात सोडली, आणि ते तर हिशेबात पक्के होते. आमच्या काळात सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी दुसरी वाट धरली. खर्चच इतका आटोपशीर ठेवावयाचा की कोणाच्या फार दडपणाखाली यावे लागू नये. 'दोघी', 'वास्तुपुरुष', 'देवराई' या वाटेने आली, आणि 'कासव'ला २०१६ च्या सर्वोत्तम चित्रपटाचे सुवर्णकमळ मिळाले. ही वाट फाळक्यांना चालली नसती. त्यांना लंका खरोखरच जळताना दाखवावयाची होती.

काशीत त्यांनी 'रंगभूमि' हे नाटक लिहिले. नाटकधंद्यावरची ती टीका होती आणि तिचा फायदा कोणासच झाला नाही. तिकडे कंपनीसही त्यांच्यावाचून चालेना. १९२२ साली ते परत आले ते मालक म्हणून नव्हे, पगारी म्हणून. कामे झाली, पुष्कळ झाली. लहानमोठी धरून त्यांची चित्रे शंभरावर भरतात. परंतु त्या काळातील बहुतेक चित्रांविषयी लिहावे असे आम्हांस काही सापडत नाही. पुढे त्यांनी स्वतंत्रपणे 'सेतुबंधन' हाती घेतले. पैसा मध्येच संपला, काम रेंगाळले, आणि तेवढ्यात १९३१ च्या मार्चमध्ये 'आलम आरा' बोलू लागली. मूक चित्र तयार होते न होते तोच मूक चित्रांचा बाजार उठला. त्यास मागाहून आवाज जोडावा लागला. कोल्हापूरच्या छत्रपतींच्या बोलावण्यावरून कोल्हापूर सिनेटोनसाठी १९३७ साली 'गंगावतरण' काढले. त्यांनी दिग्दर्शित केलेला हाच एक बोलपट आणि हेच शेवटचे चित्र. त्या वेळी त्यांचे वय सदुसष्ट होते.

उतारवयात नाशकास हातात काही राहिले नव्हते. १९३९ साली धंद्याचा रजतमहोत्सव झाला तेव्हा शांतारामबापूंच्या पुढाकाराने थैली जमविण्यात आली आणि डोक्यावर छप्पर आले. दुसऱ्या महायुद्धात कोरी फीत सरकारी परवान्यावाचून मिळेनाशी झाली. आणखी एक चित्र काढावयाचे म्हणून फाळक्यांनी परवान्यासाठी अर्ज केला होता. तो नाकारल्याचे कळल्यावर दोन दिवसांत, १६ फेब्रुवारी १९४४ रोजी, त्यांचा अंत झाला, असे चरित्रांतून नमूद आहे. वय त्र्याहत्तर. एवढ्या वयात नवे काम काढू नये असे घरातल्या कोणी म्हटले असेल का, याचा आम्ही पुष्कळ विचार केला. सरस्वतीबाईंनी म्हटले नसावे.

फाळक्यांच्या एवढ्या चित्रांपैकी शिल्लक राहिले ते मूठभर. 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली व शेवटची अशी दोन रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. संग्रहालयाचे पहिले अभिरक्षक पी. के. नायर यांनी फाळक्यांच्या घरच्यांपर्यंत जाऊन त्या फितींचा माग काढला होता. ही रिळे १९१३ ची मूळ नसून १९१७ साली फाळक्यांनी पुन्हा चित्रित केलेल्या प्रतीची आहेत, असे आज बहुतेक अभ्यासक मानतात. 'कालियामर्दन' मात्र बरेचसे वाचले आहे.

त्यांच्यासोबत आणखी एक छोटा तुकडा उरला आहे. चित्रपट कसा तयार होतो हे प्रेक्षकांस दाखविण्यासाठी फाळक्यांनी १९१७ च्या सुमारास एक माहितीपट केला. तो आता संगणकावरही पाहता येतो आणि आमच्या वाचकांनी मुलाबाळांना घेऊन तो अवश्य पाहावा. त्यात दादासाहेब स्वतः दिसतात. माणसांना सूचना देतात आणि फीत हातात धरून उजेडापुढे बारकाईने न्याहाळतात. त्या फितीच्या कडांना छिद्रे दिसतात.